व्हायवाच्या आधीचा फ्लेक्स

मी नेमकं काय शिकवते, हे आमच्या नायगावात कुणालाच एका दमात सांगता येत नाही. माय तेवढी सांगते. शेजारणींनी विचारलं की ती म्हणते, ‘देशादेशांच्या भांडणात बरोबर काय न् चूक काय, ते बघती ती.’ मग एखादी विचारतेच, ‘अन् थांबतेत का भांडणं?’ त्यावर माय ठसक्यात म्हणते, ‘ते तिच्या हातात न्हाई. पर चुकलं कोण, ते तिला कळतंय.’ देशोदेशीच्या परिषदांमध्ये माझी ओळख करून देताना लोकांनी बरंच काही वाचून दाखवलं, पण माझ्या विषयाची ह्याहून नेमकी ओळख मला अजून मिळालेली नाही.

मलाही दहावीनंतर सगळ्यांसारखंच लातूरला टाकलं होतं. लातूरला अकरावीला जाणारं पोरगं एक तर डॉक्टर होतं नाही तर इंजिनियर, मधलं काही तिथं चालत नाही. मी बारावीला चांगले मार्क घेतले आणि राज्यशास्त्राला गेले. घरात सुतक पडल्यासारखं झालं होतं. काका तर म्हणाले, ‘इतके मार्क घेऊन कुणी आर्ट्सला जातंय का? डोकं फिरलंय पोरीचं.’ माझे बाबा तहसीलमध्ये कारकून. ते एवढंच म्हणाले, ‘तिला आवडतंय ना, मग शिकू द्या.’ पुढं दिल्ली झाली, काही वर्षं परदेश झाला, पुस्तकं झाली. मग मी आपण होऊन नांदेडला परत आले. लोक अजून विचारतात, ‘मॅडम, तिकडं जमलं नाही का?’ मी सांगते, ‘जमलं ना. जमलं म्हणूनच आले.’

माझा विषय माफीचा. म्हणजे एका देशानं दुसऱ्या देशावर, किंवा आपल्याच लोकांवर, मागं कधीतरी अन्याय केला. आज करणारेही जिवंत नाहीत आणि सोसणारेही. अशा वेळी आजचा पंतप्रधान उभा राहून म्हणतो, ‘आम्ही क्षमा मागतो.’ ह्या बोलण्याला काही अर्थ असतो का? मागायचा हक्क कुणाला, आणि मान्य करायचा कुणाला? ह्यावर मी आयुष्य काढलं, आणि मला त्याचा अजिबात कंटाळा आलेला नाही.

हे वेड लागलं ते जयंतीच्या कार्यक्रमात. मी शाळेत होते. आमच्या वस्तीत दरवर्षी व्याख्यान असायचं. त्या वर्षी बाहेरगावचे एक मोठे वक्ते आले होते, माणूस खरंच भला होता. भाषणाच्या शेवटी त्यांनी हात जोडले आणि आमच्या पूर्वजांनी तुमच्या पूर्वजांशी जे केलं त्याची आमच्या सगळ्या समाजाच्या वतीनं मी माफी मागतो, असं म्हणून ते स्टेजवरच रडले. टाळ्या पडल्या, बायकांनी डोळ्याला पदर लावला. घरी येताना मी विचारलं, कसं वाटलं, तर बाबा म्हणाले, ‘माणूस चांगला आहे गं. पण ती माफी मी घ्यायची म्हणजे माझ्या आज्याच्या वतीनं घ्यायची. मला आज्यानं कुठं सांगितलंय, की माझ्या वतीनं माफ करून टाक म्हणून?’ त्या वाक्यानं माझी झोपच उडवली, आणि पुढं माझं करिअर त्याच वाक्यावर उभं राहिलं.

आता ज्या दिवसाचं मला सांगायचंय तो माझा नाहीच, माझ्या विद्यार्थिनीचा आहे. ती शिरूर अनंतपाळची. वडील लहानपणीच गेले, त्यामुळं मामाकडं वाढली. मामांचं गावात सिमेंट-पाइपचं दुकान. कपाळावर विभूतीचे तीन पट्टे, पांढरा शर्ट, खिशात दोन पेन. पहिल्यांदा तिला घेऊन माझ्याकडं आले तेव्हा त्यांनी सरळ विचारलं, ‘मॅडम, ह्या विषयात नोकरी हाय का?’ मी म्हटलं, ‘आहे, पण उशिरा लागते.’ ते म्हणाले, ‘लागती ना? मग हरकत न्हाई. आमचं दुकानबी उशिराच चाललं.’ तेव्हाच तो माणूस मला आवडला.

पोरगी हुशार होती आणि त्याहून जास्त हट्टी होती. तिनं प्रबंध मराठीत लिहिला. अनेकांनी सांगून पाहिलं की आंतरराष्ट्रीय नीतिशास्त्र अन् मराठीत कशाला, पण ती ऐकायला तयार नव्हती, आणि खरं सांगायचं तर मीही तिला आतून फूस देत होते. शेवटच्या प्रकरणात तिनं एक ठाम गोष्ट मांडली होती. आपण जे केलं नाही त्याची माफी आपण मागू नये. मात्र आपल्या नावावर जे झालं ते निस्तरायचं काम आपलंच. मी ते प्रकरण तीनदा परत पाठवलं आणि तिन्ही वेळा ती भांडून ते तसंच घेऊन आली. प्रबंधाला दोन्ही परीक्षकांचे चांगले अहवाल आले आणि व्हायवाची, म्हणजे शेवटच्या तोंडी परीक्षेची, तारीख लागली. घाई होती, कारण लातूरच्या एका कॉलेजात जागा निघाली होती आणि पुढच्याच आठवड्यात मुलाखत होती. पीएचडी हातात नसेल तर तिला आत बसूसुद्धा देणार नव्हते. अशा जागा आमच्याकडं वर्षानुवर्षं निघत नाहीत. व्हायवा पुढं गेली असती तर ती जागा गेलीच म्हणून समजा.

आमच्याकडची व्हायवा म्हणजे अर्धं लग्नच. दार सगळ्यांना उघडं असतं, म्हणून गावाकडून जीप भरून पाहुणे येतात. हार, शाल, नारळ, पेढे, फोटोवाला, मागं जेवणाचा मंडप. परीक्षकानं पहिला प्रश्न विचारायच्या आधी आचाऱ्यानं तेल तापवलेलं असतं. मला हे सगळं आवडतं. ज्यांनी पोरीला शिकवायला घर गहाण टाकायचं तेवढं बाकी ठेवलं, त्यांनी एक दिवस मिरवलं तर कुणाचं काय बिघडलं?

बाहेरचे परीक्षक पुण्याचे. वयानं, मानानं मोठे, आमच्या विषयातला दांडगा माणूस. सकाळच्या गाडीनं आले आणि थेट माझ्या खोलीत येऊन बसले. मी मुरमुऱ्यांचा सुशीला पुढं केला तर त्यांनी प्लेटकडं बघितलंसुद्धा नाही.

‘मॅडम, अभिनंदन,’ ते म्हणाले. ‘निकाल लागलेला दिसतोय.’

मला काही समजेना. त्यांनी फोन पुढं केला. फोटोत आमचा जवळचाच चौक होता आणि चौकात हा एवढा मोठा फ्लेक्स. मधोमध आमच्या पोरीचा फोटो. ‘आमची लाडकी भाची हिला आंतरराष्ट्रीय नीतिशास्त्रात डॉक्टरेट मिळाल्याबद्दल हार्दिक अभिनंदन!’ एका बाजूला पृथ्वीचा गोल, त्यावर कबुतरं, वर विमान. डॉक्टर म्हटल्यावर फ्लेक्सवाल्यानं कोपऱ्यात स्टेथोस्कोपही टाकला होता. खाली मामा आणि त्यांचा मित्रपरिवार, सगळे गॉगल लावून.

मला हसूच फुटलं. काय करणार, स्टेथोस्कोप बघून कुणालाही फुटलं असतं.

‘मला ह्यात हसण्यासारखं काही दिसत नाही,’ परीक्षक म्हणाले. ‘प्रबंध नीतिशास्त्राचा, आणि परीक्षेच्या आधी निकालाची जाहिरात! मी इथं सही करायला आलोय का? ह्या भागात असंच चालत असेल, माझ्याकडे चालत नाही.’

ते हे बोलले तेव्हा दारात मामा उभे होते. हातात चहाचा थर्मास. परीक्षकांची पाठ होती, त्यांना दिसलं नाही. मला दिसलं. मामांचा पडलेला चेहरा मी बघितला. ते थर्मास घेऊन मागच्या मागं निघून गेले. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. ‘ह्या भागात असंच’ हे मी जन्मभर ऐकत आलेय, दिल्लीत ऐकलं, परदेशात ऐकलं, आणि माझ्यासारखीला तर ते दोन-दोन अर्थांनी ऐकवतात, एकदा गावावरून अन् एकदा जातीवरून. दुसरा कुठला दिवस असता तर मी तिथंच हिशेब चुकता केला असता. पण पोरीची व्हायवा अडकली होती. मी म्हटलं, ‘सर, फ्लेक्सचं चुकलंय. भागाचं आपण नंतर बोलू, आधी पोरीचं बोला.’

‘तिनं सगळ्यांसमोर माफी मागावी, मग मी परीक्षा घेईन. नाहीतर दुपारच्या गाडीनं परत जातो.’

आता त्यांचा राग अगदीच खोटा होता असं मी म्हणणार नाही. परीक्षकाला कुणी शिक्का समजलं तर मलाही राग येईल. मी बाहेर आले. पोरगी हॉलजवळ उभी होती, इरकल साडी, हातात फाइल. फ्लेक्सचं तिला तोवर कळलं होतं आणि तिचा चेहरा पांढराफटक पडला होता. मामा भिंतीला टेकून उभे. म्हणत होते, ‘मला वाटलं पुस्तक पास झालं म्हणजे झालंच. पाहुणे सांजच्याला परत जाणार, त्यायला कवा दिसावा? म्हणून रातीच लावला.’

मी तिला बाजूला घेतलं. ‘दोन वाक्यं बोल आणि मोकळी हो. चुकलं म्हण, संपव विषय.’

‘मॅडम, मी लावला नाही तो.’

‘मला माहीत आहे गं.’

‘मग माझी माफी खोटी होईल. शेवटच्या प्रकरणात मी काय लिहिलंय?’

‘ते प्रकरण मी तीनदा वाचलंय, मला नको शिकवू! नोकरी पाहिजे का प्रकरण पाहिजे?’

ती म्हणाली, ‘दोन्ही पाहिजे. मला थोडा वेळ द्या.’ आणि फाइल माझ्या हातात कोंबून ती तरातरा निघाली. चुलतभावाची मोटारसायकल होती, त्याच्या मागं बसली आणि गेली. मामा मागून ओरडत होते, ‘अगं मी उतरवतो, तू कामून जाऊन राहिली, साडी खराब होईल!’ पण ती गेलीच होती.

मी आत जाऊन परीक्षकांना धरून बसले. त्यांच्याशी त्यांच्याच पुस्तकावर वाद घातला, आणि खरं सांगते, दोन मुद्द्यांवर त्यांना गप्प केलं. माणूस वादात रमणारा होता, त्यामुळं गाडीचं बोलणं तेवढ्यापुरतं मागं पडलं. शेवटी त्यांनी दोन घास सुशीलाही खाल्ला.

ती आली तेव्हा हॉल भरला होता. साडीच्या निऱ्यांना धूळ, कपाळावर घाम, आणि काखेत गुंडाळलेला फ्लेक्स. उसाच्या रसवाल्याच्या बाकड्यावर चढून तिनं स्वतः दोऱ्या कापल्या होत्या. सगळा चौक बघत होता म्हणे, कुणीतरी शूटिंगही केलं. फ्लेक्स तिनं भिंतीशी उभा केला आणि समोर जाऊन उभी राहिली.

परीक्षक म्हणाले, ‘परीक्षेआधी तुम्हाला काही सांगायचंय ना?’

‘हो सर. चौकात जो फ्लेक्स होता तो चूक होता. नाव माझं होतं, म्हणून तो काढणं माझं काम होतं. मी काढून आणलाय.’

‘आणि माफी?’

‘ती मी मागणार नाही सर.’

परीक्षा समितीच्या अध्यक्षांनी माझ्याकडं बघितलं, मी छताकडं बघितलं. गाडीला अजून भरपूर वेळ होता आणि हा माणूस उठून गेला असता तर सगळं संपलं असतं.

‘नाव तुमचं, कौतुक तुमचं, फायदा तुमचा,’ परीक्षक म्हणाले. ‘मग माफी का नाही?’

‘कारण मी ते केलं नाही. मी माफी मागितली तर ज्यानं केलं तो माणूस माझ्या मागं लपतो, आणि तुम्हाला नुसते शब्द मिळतात. ज्यांचं चुकलं ते इथं बसलेत. माफी त्यांची आहे. ती मी त्यांच्याकडून काढून घेणार नाही.’

मागच्या रांगेत मामा उठले. उठले म्हणजे एकदम नाही. आधी समोरच्या खुर्चीला धरलं, मग उभे राहिले. ‘साहेब,’ ते म्हणाले, ‘फ्लेक्स मी लावला. पोरीला ठाऊकबी नव्हतं. तुम्ही इथवर परीक्षा घ्यायला आलात अन् मी तुम्हाला मोजलंच न्हाई. माझं चुकलं.’ त्यांनी हात जोडले.

परीक्षकांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला. ‘मान्य आहे,’ ते म्हणाले. ‘बसा.’ मग तिच्याकडं वळले. ‘शेवटचं प्रकरण काढा.’

पुढं त्यांनी तिला सोडली नाही. असं सोललं की मला अभिमान वाटत होता आणि दयाही येत होती. सरकार बदललं तर जबाबदारी बदलते का, जन्मलेच नव्हते त्यांनी निस्तरायचं का, निस्तरणाऱ्यानं कुठवर निस्तरायचं? ती एकदा अडखळली, एकदा ‘ह्याचं उत्तर माझ्याकडं अजून नाही’ असं सरळ म्हणाली, आणि बाकी सगळीकडं ताठ उभी राहिली. शेवटी अध्यक्षांनी पदवीची शिफारस वाचली. मग काय, टाळ्या, हार, फोटो, पेढे, एकच कल्ला. पुढच्या आठवड्यात ती मुलाखतीला गेली, आणि आज लातूरला त्याच कॉलेजात शिकवून राहिली.

पण मला सांगायचंय ते जेवणाच्या वेळचं. मंडपात पंगत बसली होती. परीक्षकांनी मला जरा बाजूला बोलावलं. गाडीला थोडाच वेळ उरला होता.

‘मॅडम,’ ते म्हणाले, ‘सकाळी मी ‘ह्या भागात’ असं काहीतरी बोललो. बोलायला नको होतं. मला माफ करा.’

आता बघा, हे वाक्य ऐकायला मी किती वर्षं थांबले होते. इतक्या मोठ्या माणसाच्या तोंडून, मान खाली घालून. ‘राहू द्या हो सर, होतं असं’ हे माझ्या अगदी ओठावर आलं होतं. ते म्हटलं असतं तर दोघंही सुखानं जेवलो असतो.

‘माझ्याकडं नका मागू,’ मी म्हटलं. ‘मला राग आला, लागलं मात्र दुसऱ्याला. तुम्ही बोललात तेव्हा मामा दारात उभे होते, चहा घेऊन. ते बघा, तिकडं बुंदी वाढून राहिलेत.’

‘त्यांनी ऐकलं?’

‘शब्दन् शब्द.’

त्यांचा चेहरा उतरला. क्षणभर वाटलं, हे आता गाडीची वेळ बघतील आणि निघतील. पण ते पंगतीकडं चालायला लागले. मीही मागून गेले. मी काही एवढी सभ्य नाही की अशा वेळी लांब उभी राहीन.

खरं सांगू, मला भीती परीक्षकांची वाटतच नव्हती. मामांची वाटत होती. आमच्या लोकांना मी ओळखते. मोठा माणूस ‘माफ’ एवढं म्हणायला तोंड उघडतो न उघडतो तोच आम्ही ‘अहो नाही नाही साहेब, तुम्ही कशाला, तुम्ही मोठे’ म्हणून हात जोडून मोकळे होतो. आम्हाला लागलंच नाही असं आम्हीच सांगतो. माझ्या घरातली माणसं असं करताना मी पाहिलीत, मामांच्या बाजारपेठेतलीही पाहिलीत. ह्यात आमच्यात काही फरक नाही.

परीक्षक मामांच्या समोर उभे राहिले. हातात ताट नव्हतं, काही नव्हतं. ‘सकाळी मी तुमच्या भागाबद्दल बोललो,’ ते म्हणाले. ‘तुम्ही ऐकलंत. माझं चुकलं.’

पंगतीतले शिरूरचे पाहुणे खाता खाता थांबले. मामांनी बुंदीचा झारा बादलीत ठेवला आणि हात पंचाला पुसले. ते हात जोडणार असं मला वाटलं.

‘हाव साहेब,’ ते म्हणाले, ‘लागलं मला. लई लागलं. फ्लेक्स माझ्या एकट्याची चूक व्हती. तुम्ही त्यात सगळ्यायला धरलं.’

परीक्षक म्हणाले, ‘हो. धरलं.’ एवढंच. ना कारण सांगितलं, ना सबब. तसेच उभे राहिले.

मामांनी त्यांच्याकडं नीट बघून घेतलं. ‘मान्य हाय,’ ते म्हणाले, आणि मग कुठं एक ताट घेऊन त्यात बुंदी वाढली.